विक्रीला न आलेली जमीन

आषाढात चिखलदऱ्याचं पठार ढगांतच राहतं. देवी पॉइंटवर उभं राहिलं तरी दरी दिसत नाही, गाविलगडही दिसत नाही. नुसतं पाणी वाजत असतं. मग वारा सुटतो, ढग फाटतात आणि वैराटकडचा माळ हिरवागार उजळतो. मेळघाटातली ही सर्वांत उंच जागा. लोक इथे सूर्यास्त पाहायला येतात. इथे गाव होतं, शेतं होती. व्याघ्र प्रकल्पासाठी ते उठलं. गवत भराभर वाढतं, बांधही झाकून टाकतं. त्या माळावर मला सूर्यास्तापेक्षा जमिनीच्या भावाचाच विचार जास्त छळतो.

आपण जमीन विकतो तेव्हा भाव आपण सांगतो. सरकार घेतं तेव्हा तो निवाड्यात लिहून येतो. निवाडा पटला नाही तर वाढीव मोबदला मागता येतो. 1894च्या कायद्यात त्यासाठी कलम 18 होतं, 2013च्या कायद्यात कलम 64 आहे. मात्र रक्कम उचलताना हक्क राखून उचलावी लागते. निवाड्याच्या वेळी हजर असाल तर अर्जाला सहा आठवडे मिळतात. पुढे वकील शेजारच्या शेतांची खरेदीखतं शोधतो. तुमच्या काळ्या मातीची किंमत शेजाऱ्याने काय भावाने विकलं त्यावरून ठरते.

आणि शेजाऱ्याने कधी विकलीच नसेल तर? आदिवासींच्या जमिनी हातच्या जाऊ नयेत म्हणून महसूल संहितेत 36 आणि 36-अ ही कलमं आहेत. ती हवीतच, त्यांच्याच आधारावर इथल्या कोरकू आदिवासींच्या कित्येक पिढ्यांची शेती टिकली. पण जिथे बाजारच नाही तिथे बाजारभाव कुठून आणायचा? 2013च्या कायद्याने हा पेच ओळखला आहे. व्यवहारांवर कायद्याचं बंधन असेल, तर लगतच्या तशाच जमिनींवरून राज्य सरकारने किमान दर ठरवावा, असं कलम 26 सांगतं. मेळघाटातल्या शेतकऱ्याच्या बाजूने इतकं स्पष्ट बोलणारं दुसरं वाक्य त्या कायद्यात मला सापडलं नाही. ते प्रत्येक ग्रामसभेत मोठ्याने वाचलं जावं.

पंचनाम्यात विहीर येते, घर येतं, सागाचे घेर मोजले जातात. पण कोरकूंच्या सिडोलीच्या विधीत पूर्वजांच्या नावाने रोवलेले कोरीव लाकडी खांब कोणत्या रकान्यात लिहायचे? चैत्रातल्या पहाटे मोहाखाली वाकलेल्या बायांची टोपली कशी मोजायची?

व्याघ्र प्रकल्पातून उठणाऱ्यांचा हिशेब तर वेगळाच. तिथे कुटुंब मोजलं जातं: 2008पासून दहा लाख, 2021पासून पंधरा. त्या पैशात खाली अकोटच्या बाजूला नवं आयुष्य मांडायचं. जानेवारी 2019मध्ये केलपाणी, गुल्लरघाट भागातून उठवलेले लोक, ठरलेलं मिळालं नाही म्हणत, परत जंगलात शिरले. तिथे वनकर्मचारी आणि पोलिसांशी संघर्ष झाला. वाघ वाचावा, असं मलाही मनापासून वाटतं. पण त्याची किंमत ज्यांनी चुकवली, त्यांना दारोदार फिरवणं मला सहन होत नाही.

हे दुःख डोंगरापुरतं नाही. खाली मोर्शीजवळ अप्पर वर्धा धरण आहे. त्याच्या पाण्यावर अमरावती शहराची तहान भागते. त्यात शेतं गेलेली माणसं ऑगस्ट 2023मध्ये मुंबईला मंत्रालयात गेली आणि न्याय्य मोबदल्यासाठी तिथल्या संरक्षक जाळीवर त्यांनी उड्या टाकल्या. एका पिढीने दिलेल्या जमिनीचा हिशेब पुढची पिढी मागत होती. वऱ्हाडातला माणूस सहसा आपलं रान सोडून मुंबईच्या पायऱ्या चढत नाही.

म्हणून चिखलदऱ्यात कुणी नोटीस हातात घेऊन रस्ता विचारला, तर मी आधी थांबायला सांगेन. कागद कोरकू भाषेत समजावून घ्या. किमान दर कोणत्या गावाच्या जमिनीवरून धरला ते विचारा. अंगठा देण्याआधी 'हक्क राखून' लिहिलंय का, हे शिकलेल्या पोराकडून पाहून घ्या. मग परतवाड्याची एसटी धरा, आणि सहा आठवड्यांतले निम्मे दिवस पावसात जातील हे धरूनच निघा.