हजर करा

उच्च न्यायालयात हेबियस कॉर्पसची, म्हणजे अडकवून ठेवलेल्या माणसाला कोर्टापुढे हजर करा म्हणणारी, याचिका आली की बाकीची कामं मागे पडतात, आणि ते योग्यच आहे. बेकायदा उचललेल्या माणसाला एक रात्रही जड जाते. आणीबाणीत, 1976 साली, सर्वोच्च न्यायालयानेच हे दार लावून घेतलं होतं. त्याची किंमत देशाने मोजली आहे.

याच दाराने मुलांच्या ताब्याची भांडणंही आत येतात. कधी तिथे खरोखर दुसरा इलाज नसतो. मुंबईतल्या एका आईची लहान मुलगी नात्यातल्या बाईने परत दिली नाही. उच्च न्यायालयाने आईला पालकत्वाच्या कायद्याखाली दाद मागायला सांगितलं. सर्वोच्च न्यायालयाने 1959 मध्ये ते फिरवलं: आईचा हक्क स्पष्ट असताना मुलगी न देणं हीच बेकायदा कैद, दुसरा मार्ग आहे म्हणून आईला परत पाठवता येणार नाही. आजही तो निकाल वाचताना बरं वाटतं.

पण आई आणि वडील दोघांचाही हक्क असतो, तेव्हा मला ही घाई सोसत नाही. प्रतिज्ञापत्रावर प्रतिज्ञापत्र पडतं, उलटतपासणी सहसा होतच नाही. नोटीस घेऊन पोलीस दारात येतात, शेजारीपाजारी डोकावतात. कोर्टाबाहेरच्या बाकावर एक मुलगी पाहिली होती, शाळेच्या गणवेशात. एका बाजूला आजी, दुसऱ्या बाजूला महिला कॉन्स्टेबल. समोरून वडील आले तशी ती अर्धवट उठली, मग आजीच्या चेहऱ्याकडे पाहून पुन्हा खाली बसली. चेंबरमध्ये न्यायाधीश कितीही मायेने बोलले तरी असं मूल दहा मिनिटांत काय सांगणार? आणि जे सांगेल ते कोणाचं असेल?

सप्टेंबर 2024 मध्ये सर्वोच्च न्यायालयात न्या. अभय ओक यांच्या खंडपीठासमोर अडीच वर्षांच्या एका मुलीचं प्रकरण होतं. आई गेल्यापासून ती आजोळच्या माणसांकडे वाढत होती. वडिलांच्या बाजूने हेबियस दाखल झाली आणि उच्च न्यायालयाने ताबा तिकडे दिला. सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला. मूल म्हणजे जंगम मालमत्ता नव्हे, ताबा बदलल्याने त्याच्यावर काय परिणाम होईल हे न पाहता ते इकडून तिकडे देता येत नाही, असं स्पष्ट बजावलं. वडिलांचा हक्क नाकारला नाही. तो पालकत्वाच्या कायद्याखाली नीट तपासला जावा, एवढंच.

मूल लपवलं असेल, परक्याने अडवलं असेल, तर हेबियस जरूर लावा, त्याच दिवशी लावा. पण ते कुठे आहे, कोणत्या शाळेत जातं हे माहीत असेल, तर वकिलांनी पक्षकाराला आधी कौटुंबिक न्यायालयाचा रस्ता दाखवावा. 1890 च्या पालक व पाल्य कायद्याच्या कलम 12 खाली तिथेही मूल हजर करण्याचा आणि तात्पुरत्या ताब्याचा आदेश मिळतो.