कानांनी वाट काढणारे

बालमित्रांनो, विज्ञानकथांत तुम्ही वाचलं असेल, की धाडसी प्रवाशांचा एक गुप्त पंथ असतो. डोळ्यांना न दिसणाऱ्या दुसऱ्याच मितीत ते शिरतात. तिथे ना रस्ता, ना दिवा. मग ते एक आवाज काढतात आणि त्या आवाजाच्या मागावर पुढे जातात. पुस्तक मिटलं की आपण म्हणतो, "छे! असं कुठं असतं का?"

असतं, बरं का! त्या पंथाचे दोन सभासद मी अगदी जवळून पाहिलेत. एक आमच्या गावच्या देवळात छताला उलटा लटकायचा आणि दुसरे आमच्या ओसरीवर बसून दोर वळायचे. ते होते माझे आजोबा.

आधी उलट्या लटकणाऱ्याची ओळख करून घेऊ. वडाच्या झाडावर दिसणारी मोठी वटवाघळं फळं खातात आणि आपल्या टपोऱ्या डोळ्यांनी वाट शोधतात. पण पडक्या वाड्यांत, लेण्यांत राहणारी लहान वटवाघळं किडे खातात, तीही मिट्ट काळोखात. हे जमतं कसं? १७९३ साली इटलीतल्या स्पालान्झानी या शास्त्रज्ञाला हाच प्रश्न पडला. मेणबत्ती विझल्यावर त्याचं पाळीव घुबड धडपडू लागलं, वटवाघळं मात्र मजेत उडत राहिली. पुढे त्यांच्या कानांत बोळे घातले, तेव्हा ती आपटू लागली! म्हणजे गुपित कानांत होतं.

ते उलगडायला १९३८ साल उजाडलं. अमेरिकेतल्या ग्रिफिन आणि पिअर्स यांना यंत्रावर कळलं, की वटवाघूळ ओरडत असतं. पण तो आवाज इतका बारीक, की माणसाला ऐकूच येत नाही! सेकंदाला वीस हजारांहून जास्त कंपनं झाली, की आपले कान हात टेकतात. तो आवाज किड्यावर आपटून परत येतो आणि किडा कुठे आहे ते वटवाघळाला समजतं.

आता माझ्या आजोबांकडे येऊ. आमचं गाव अहिल्यानगर जिल्ह्यात, म्हणजे तेव्हाच्या अहमदनगर जिल्ह्यात, अकोले तालुक्यात. सगळे आजोबांना 'बाबा' म्हणायचे. काचबिंदूनं त्यांची नजर गेली, तेव्हा मी सातवीत होतो. काचबिंदूत गेलेली नजर परत येत नाही. भेटायला येणारा जो तो म्हणायचा, "आता म्हाताऱ्याला एका जागी बसवून ठेवा. पडलाबिडला तर?" घरच्यांनाही ते पटलं. काळजीपोटीच, पण बाबांची काठी माळ्यावर गेली. ज्यांनी जन्मभर भाताची खाचरं तुडवली, ते बाबा पाणी प्यायलासुद्धा हाक मारू लागले. त्यांचं बोलणंच कमी झालं.

शेवटी माझ्या आजीनं कुणालाही न विचारता काठी खाली काढली आणि त्यांच्या हातात दिली. बाबा उठले. टक... टक... करत ओसरी ओलांडून थेट गोठ्याच्या दारात जाऊन उभे राहिले! मी विचारलं, "बाबा, तुम्हाला कळलं कसं?" ते म्हणाले, "अरे पोरा, भित आली की काठीचा आवाज तोंडावर येतो, अन् दार आलं की पुढं निघून जातो."

तेव्हा मला ती बाबांची गंमत वाटली. पुष्कळ वर्षांनी वाचनात आलं, की अमेरिकेतल्या कॉर्नेल विद्यापीठात १९४४ साली याच गोष्टीवर प्रयोग प्रसिद्ध झाले होते. काही अंध माणसांनाही वाटायचं, की भिंत जवळ आली की ती चेहऱ्याला जाणवते. संशोधकांनी त्यांचे चेहरे झाकून पाहिले, तरी भिंत ओळखता आली. कान बंद केले, तेव्हा मात्र नाही. म्हणजे तोंडावर 'येत' होतं, ते खरं तर कानांत येत होतं!

आणि हे शिकताही येतं. २०२१ साली इंग्लंडमधल्या संशोधकांनी अंध आणि डोळस अशा माणसांना दहा आठवडे जिभेनं 'टक' आवाज काढून वाट ओळखायला शिकवलं. शिकणारे २१ ते ७९ वर्षांचे होते. म्हातारे मागे पडले नाहीत.

तुम्हीही करून पाहा. डोळे मिटा, जिभेनं टक् टक् करा आणि मित्राला तोंडासमोर वही धरायला सांगा. वही जवळ आली, की आवाज बदलतो. मोकळ्या खोलीत आणि कपड्यांनी भरलेल्या कपाटापुढेही करून बघा. रस्त्यावर किंवा जिन्यात मात्र हा खेळ नको हं!

एवढं कराल, तर आणखी थोडं करा. घरात कुणाची नजर अधू असेल, तर वस्तू जागच्या जागी ठेवा आणि दार अर्धवट उघडं सोडू नका. रस्त्यात कुणी पांढरी काठी घेऊन चालताना दिसलं, तर एकदम हात धरून ओढू नका. आधी विचारा, "मदत करू का?" ते नको म्हणाले, तर वाईट वाटून घेऊ नका. ते त्यांच्या वाटेचा कानोसा घेत असतात.

आणि आईबाबांनो, तुम्हालाही एक सांगणं. आपल्या घरातल्या म्हाताऱ्या माणसाची काठी काळजीपोटी माळ्यावर टाकू नका. तिच्या टकटकीत त्याचं सारं अंगण असतं.