भुऱ्याचं खोपटं

निफाडची थंडी पेपरात येते ती आकड्यांनी. कुंदेवाडीच्या गहू संशोधन केंद्रात पारा पाचाच्या खाली उतरला की दुसऱ्या दिवशी गोठलेल्या दवाचे फोटो छापून येतात. गव्हाला अशी थंडी मानवते, द्राक्षाला नाही. मण्यांना तडे जातात, म्हणून पहाटे बागेत शेकोट्या पेटवायच्या, ठिबकनं विहिरीचं कोमट पाणी सोडायचं. भुऱ्याला या कामाचा भारी उत्साह. मुकादमासारखा तो एकेका शेकोटीपाशी घटकाभर बसायचा आणि मग पुढच्या ओळीला निघायचा.

तो ऊसतोडीच्या टोळीबरोबर आलेलं पिल्लू. टोळी गेली, हा राहिला. रात्री चुलीबाहेर काढलेल्या ऊबदार राखेत झोपायचा आणि सकाळी भुरकट होऊन उठायचा. नाव तिथूनच पडलं. राख होती तोवर त्याला घराची गरज नव्हती. पण गोदाकाठच्या उसात बिबटे वाढले आणि पलीकडच्या मळ्यातलं कुत्रं ओसरीवरून गेलं. नानांनी भुऱ्यासाठी आधी खिळ्यांचा पट्टा आणला आणि मग घर करायला घेतलं.

बिबट्यासाठी करायचं तर लोखंडी जाळीचा पिंजरा पुरला असता, पण जाळीतून वारं शिरतं. म्हणून मोडलेल्या मांडवाचे अँगल, तीन बाजूंना फळ्या आणि जाळी फक्त दाराला. आकार बेताचा: उभा राहील, गोल फिरेल, वेटोळं करून बसेल, बस्स. आजीला ते कंजूषपणाचं वाटलं. पण कुत्र्याच्या घरात दुसरी शेगडी कुठली? त्याचं अंग आपल्यापेक्षा अंश-दीड अंशानं गरम, तेवढ्यावरच सगळं तापायचं. मोठं घर तापत नाही. काळ्या मातीची ओल वर चढू नये म्हणून खाली विटा. छपराच्या पत्र्याला श्वासाची वाफ धरून पहाटे थेंब गळतात, म्हणून आतून पोती ठोकली आणि वळचणीखाली वाफ जायला बोटभर फट ठेवली.

अंथरुणावरून घरात दोन पक्ष पडले. आजीनं जुनी गोधडी घातली. दवात भिजलेल्या पायांनी आणि श्वासानं ती दोन रात्रींत ओलसर झाली, पहाटे तर नुसती गार. भुऱ्यानं ती ओढून अंगणात आणून टाकली. सोयाबीनचं भुसकट टोचायचं. शेवटी नानांनी घोटीकडून येणाऱ्या टेम्पोतून भाताचा पेंढा मागवला. तो हातभर जाडीचा भरला, तेव्हा कुठं भुऱ्यानं आत उकरून आपल्या मापाचा खड्डा केला. पेंढा दबला की पुन्हा वर भर घालायची, ओला झाला की काढून टाकायचा.

इतकं करूनही तो आत राहीना. दारासमोर उघड्यावर पडायचा, नाक शेपटीखाली घालून. उत्तरेचं वारं पाठीला घ्यायचं म्हणून दार आग्नेयेला ठेवलं होतं. सकाळचं ऊनही आत यायचं. पण तिथून ओसरी दिसत नव्हती! मला वाटतं, कुत्र्याची थंडी नंतर येते, राखण आधी. खोपटं जरा फिरवलं, वाऱ्याच्या अंगाला सरमाडाची गंजी रचली, दाराला मधोमध चिरलेलं गोणपाट टांगलं. त्याच रात्री त्या चिरेतून एक नाक बाहेर आलं आणि पुढं सगळे हिवाळे तिथंच राहिलं.

म्हातारपणी त्याच्या कमरेत थंडी धरायची. उंबरा कापून खाली घेतला, पहाटे कोमट पाणी आणि दुधात कुस्करलेली भाकरी खोपट्याशीच जाऊ लागली. त्यातल्याच एका रात्री बिबट्या खरोखर आला. सकाळी जाळीला चिखल होता आणि भोवती पंजे उमटलेले. आतून भुंकून भुंकून भुऱ्याचा घसा बसला होता, पण मळ्यात फिरताना ऐट अशी, की जणू बिबट्याला आपणच कोंडून ठेवलं होतं. भुऱ्या गेला ते भर मे महिन्यात, थंडीशी काही संबंध नसताना.

तो असतानाच शेजारचे दाजी टेप घेऊन खोपट्याचं माप घ्यायला आले होते. भुऱ्या बाहेर यायला तयार नव्हता, म्हणून त्यांनी बाहेरूनच मापलं आणि वर चारी बाजूंनी ऐसपैस वाढवलं. पहिल्याच कडाक्याला त्यांचं कुत्रं कुडकुडायला लागलं. दाजी विचारायला आले, तर नाना म्हणाले, "पेंढा भरा निम्म्यापर्यंत. नाहीतर आणखी एक कुत्रं पाळा."