भायखळा स्थानक : वापरातला वारसा

भारतीय रेल्वेच्या जन्माचा विषय निघाला की बोरीबंदर आणि ठाणे ही दोन नावे सहज ओठांवर येतात. १६ एप्रिल १८५३ रोजी दुपारी १४ डबे आणि सुमारे ४०० पाहुणे घेऊन पहिली प्रवासी गाडी या दोन ठिकाणांमधील ३४ किलोमीटरचे अंतर धावली. मात्र याच मार्गावरील भायखळ्याचे नाव सहसा कोणी घेत नाही. वस्तुतः ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेचा सुरुवातीचा कारखाना भायखळ्यालाच होता. तो पुढे परळला हलवण्यात आला.

१८५३ साली येथे लाकडी बांधणीचे साधे स्थानक होते. त्याच्या जागी दगडी इमारत उभी राहिली ती १८५७ मध्ये. आज दिमाखाने मिरवणारी छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसची वास्तू पूर्ण व्हायला त्यानंतर तीन दशके लागली. देशातील अद्याप वापरात असलेल्या सर्वांत जुन्या स्थानक-इमारतींमध्ये भायखळ्याची गणना होते.

बँकेच्या नोकरीत काही वर्षे माझी शाखा या परिसरात होती. येथे धीम्या व जलद अशा दोन्ही लोकल थांबतात, त्यामुळे कल्याण-डोंबिवलीपासूनची माणसे या स्थानकावर उतरतात. भाजीबाजारातील व्यापारी, रुग्णालयांकडे निघालेले नातेवाईक, राणीच्या बागेत निघालेली मुले हे येथील नित्याचे दृश्य. कार्तिकी पौर्णिमेला मोतीशा शेठांच्या आदीश्वर मंदिराच्या दर्शनासाठी येणाऱ्या भाविकांचीही त्यात भर पडते.

एवढ्या वर्दळीच्या वास्तूचे जतन करायचे कसे, हा प्रश्न सोपा नव्हता. संग्रहालय दुरुस्तीसाठी काही काळ बंद ठेवता येते. लोकलचे स्थानक एक दिवसही बंद ठेवता येत नाही. २०१९ मध्ये रेल्वेच्या सहकार्याने 'आय लव्ह मुंबई' या संस्थेने हे काम हाती घेतले. वास्तुसंवर्धक आभा नारायण लांबा यांचे मार्गदर्शन आणि बजाज समूहाच्या न्यासाचे अर्थसाहाय्य त्यास लाभले. कालांतराने चढलेले रंगाचे थर उतरवून मूळचा दगड उघडा करण्यात आला. कमानी, खांब आणि जाळ्या यांना पूर्वरूप देण्यात आले. मधल्या काळात कोरोनाचे संकट आले, तरी २०२२ च्या एप्रिलमध्ये काम पूर्ण झाले आणि त्याच वर्षी युनेस्कोने आशिया-प्रशांत विभागातील वारसा संवर्धनाच्या गुणवत्ता पुरस्काराने त्याचा गौरव केला.

हिशेबाच्या भाषेत बोलायचे तर या इमारतीचे पुस्तकी मूल्य घसारा वजा जाता केव्हाच शून्य झाले असते. तरीही ती रोज हजारोंच्या उपयोगी पडते. असे मूल्य ताळेबंदात दिसत नाही, म्हणूनच जुनी सार्वजनिक वास्तू पाडण्याचा निर्णय कागदावर फार स्वस्त वाटतो. भायखळ्याने दुसरा मार्ग शक्य असल्याचे दाखवून दिले. मात्र एकदा मिळालेली देणगी कायमची पुरत नाही. उद्याची स्वच्छता, वेळेवर केलेली डागडुजी आणि भिंतीवर न मारलेली पिचकारी यांसाठी कोणी दाता शोधावा लागत नाही. तेथे रेल्वेची दक्षता आणि प्रवाशांची शिस्तच हवी.

सुटीच्या दिवशी मुला-नातवंडांना घेऊन एकदा मुद्दाम येथे यावे. पूर्वेला राणीची बाग आहे आणि तिच्या आवारात डॉ. भाऊ दाजी लाड संग्रहालय. १८७२ साली खुल्या झालेल्या त्या वास्तूलाही २००५ मध्ये युनेस्कोचा पुरस्कार लाभला आहे. तिकडे जाण्यापूर्वी दहा मिनिटे स्थानकाबाहेर थांबून ती दगडी इमारत मुलांना दाखवावी आणि तिचे वय सांगावे.