माझ्यासाठी बंद राहिलेली बाटली

मी शिक्षक आहे. वर्गात मुलांना खरं बोला म्हणून सांगतो आणि स्वतः मात्र कित्येक वर्षं एका मित्राशी खोटं बोलत आलो. ते आमच्याच शाळेत विज्ञान शिकवतात. त्यांच्या घरून रात्रीच्या जेवणाचं बोलावणं आलं की माझं पोट हमखास बिघडायचं, नाहीतर पेपर तपासायचे राहिलेले असायचे. खरं कारण एकच. जेवणानंतर तिथे बाटली निघायची, आणि जिथे दारू चालते त्या दस्तरखानावर बसायचं नाही, ही आमच्या घरची शिकवण.

एके दिवशी स्टाफरूममध्ये त्यांनी सरळच विचारलं, "सर, दरवेळी पोटच कसं बिघडतं?" मग मात्र सांगून टाकलं. ते हसले. "एवढंच? आधी का नाही बोललात? तुम्ही असाल तोवर बाटली बंद."

त्या शनिवारी गेलो. इशाची नमाज त्यांच्याच घरी पढलो. जेवण झालं. त्यांचा मुलगा डब्लिनला नोकरी करतो, तो सुट्टीवर आला होता. येताना आयरिश व्हिस्की आणि कॉफीची लिक्यूर आणली होती. लिक्यूर म्हणजे साखर आणि स्वाद घातलेली गोड दारू. दोन्ही बाटल्या कपाटातच राहिल्या. तो म्हणाला, "काका, बाकी सगळं करून दाखवतो."

आयरिश कॉफीची गोष्टही त्यानेच सांगितली. लिमरिक परगण्यातल्या फॉइन्सला तेव्हा पाण्यावर उतरणारी विमानं यायची. 1943 च्या हिवाळ्यात खराब हवेमुळे एक विमान परत फिरलं. गारठलेल्या प्रवाशांसाठी जो शेरिडन नावाच्या आचाऱ्याने कॉफीत व्हिस्की घातली, असं सांगतात. पुढे 1952 मध्ये सॅन फ्रान्सिस्कोच्या ब्वेना व्हिस्टा कॅफेत ती करून पाहिली, तर वरचं क्रीम सारखं बुडायचं!

क्रीम तरंगतं कसं, हे मित्राने वर्गात शिकवावं तसं समजावलं. गरम पाण्याने ग्लास तापवायचा. कडक काळ्या कॉफीत दोन चमचे तपकिरी साखर पूर्ण विरघळवायची. व्हिस्की किंवा लिक्यूर घालायची ती इथेच. साखरेने कॉफी जड होते. मग गार क्रीम किंचित घट्ट होईपर्यंतच फेटायचं आणि चमच्याच्या पाठीवरून हळूच सोडायचं. ढवळायचं नाही. थंड क्रीममधून गरम कॉफी ओठाला लागली पाहिजे.

मुलगा सहज म्हणाला, "काका, चमचाभर घालू? गरम कॉफीत दारू उडूनच जाते." त्याच्या मनात काही वाईट नव्हतं. पण तेवढ्या वेळात ती उडत नाही, बरीचशी कपातच राहते. मी काही बोलायच्या आत मित्रानेच त्याला हे सांगितलं. मला फार बरं वाटलं. माझ्या वतीने कुणीतरी खरं बोललं होतं.

मग मीही माझ्या विषयातलं सांगितलं. 'कहवा' हा अरबी शब्द जुन्या काळी मद्यालाही वापरत. येमेनचे सूफी रात्री जिक्रसाठी जागायला कॉफी प्यायचे. तरी 1511 मध्ये मक्केत कॉफीवर बंदी आली होती. आज तीच कॉफी आमच्या इफ्तारनंतर चालते! मद्याच्या नावाचा जुना कहवा आणि माझ्या हातातला ग्लास, दोन्हींवर आम्ही पोटभर हसलो.

घरी आलो तर अम्मी जागीच होती. "कशात प्यायलास?" तिने पहिला प्रश्न टाकला. वहिनींनी नवे ग्लास दुपारीच धुऊन ठेवले होते, हे सांगितलं. अम्मी थोडा वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, "ईदला त्यांना बोलव."

ईदला ते सहकुटुंब आले. शीरखुर्म्यानंतर मी मोठ्या ऐटीत कॉफी केली. क्रीम सोडलं, ते थेट तळाला. मित्राने ग्लास उजेडात धरला आणि म्हणाले, "सर, साखर विसरलात."

या वेळी मी कोणतंही कारण सांगितलं नाही. "हो, विसरलो," म्हणालो.