होळीची कॅसेट

नव्वद सालाच्या आसपास नागभीडला माझं कॅसेटचं दुकान होतं. कोऱ्या कॅसेटी नागपूरच्या इतवारीहून छोट्या गाडीनं यायच्या. भजनं, सिनेमाची गाणी, जे कुणी मागेल ते मी भरून द्यायचो. पण होळी जवळ आली की गिऱ्हाईक काउंटरवर वाकून हळूच विचारायचं, ‘ते आहे का?’ त्या कॅसेटीनं मला भजनांपेक्षा कितीतरी जास्त पैसा दिला आणि तो पैसा माझा नव्हता.

झाडीपट्टीत, म्हणजे आमच्या पूर्व विदर्भात, दिवाळी ते होळी हा मंडईच्या जत्रा, बैलांचे शंकरपट आणि रात्रभरच्या नाटकांचा हंगाम. नाटकांचे व्यवहार वडशाला ठरतात. खडी गंमत हा लोकनाट्याचा प्रकार मात्र गावाचा. डफ, तुणतुणं, चोणका, शाहीर आणि लुगडं नेसलेला नाच्या. रात्र चढली, लेकरं झोपली की सवाल-जवाब सैल व्हायचे. शिमग्यात तर त्याला मुभाच असायची. वर्षभर तोंडातून न निघणारं त्या रात्री मोठ्यानं बोलायचं आणि धुळवडीच्या अंघोळीबरोबर सोडून द्यायचं, असा तो रिवाज.

अशा एका रात्री मी माइकवाल्याच्या अ‍ॅम्प्लिफायरला वायर जोडून डेकवर सगळं उतरवून घेतलं. माइकवाल्याला सांगितलं होतं, गंमत करणाऱ्या पार्टीला नाही.

दुसऱ्या दिवशी दुकानाचं शटर ओढून ऐकायला बसलो आणि चकित झालो. मैदानात नाच्याकडे पाहिलं की नांगर धरून घट्ट झालेले त्याचे हात दिसायचे, ताजी दाढी केलेले गाल दिसायचे. हा आपल्या शेजारच्या गावचा मामा, हे माहीत असायचं. टेपमध्ये त्यातलं काहीच नव्हतं. बारीक, लाडिक आवाज, बांगड्यांची किणकिण, शाहिराच्या सवालानंतर मुद्दाम लांबवलेली ओढ. डोळ्यांना काम नसलं की कान वाटेल ते रचतात. ऐकणाऱ्याला त्यात आपल्या मनातली बाई सापडत होती आणि ती अगदी कानाशी बोलत होती.

फक्त लोकांचा हशा मध्ये यायचा. मी दोन डेक जोडले आणि पॉजचं बटण दाबून दाबून तो हशा काढून टाकला. माझी चूक नेमकी इथली. त्या हशानंच ती गंमत गंमत राहत होती. शेकडो माणसं एकत्र हसत होती, म्हणून कुणाच्याही मनात पाप नव्हतं. हशा गेल्यावर उरलं ते एकट्यानं, दार लावून ऐकायचं. तेच मी विकलं.

होळी गेली, कॅसेट थांबली नाही. ट्रॅक्टरवर वाजली, पानठेल्यावर वाजली. वैशाखात मामांच्या मुलीची सोयरीक ठरत होती. पाहुण्यांपैकी कुणीतरी आवाज ओळखला. मुलाकडची मंडळी चहा घेऊन उठली ती परत आली नाहीत.

मामा दुकानात आले. आवाज चढवला नाही. म्हणाले, ‘‘माजा आवाज तू मले न इचारता इकला गा. लुगडं मी रातच्याला नेसतो, सकाळी फेडतो. तुज्या डब्ब्यात ते कोण फेडन?’’

मी पैसे पुढे केले. त्यांनी हात लावला नाही. मुलीचं लग्न पुढं दुसरीकडे झालं, पण मामा पुन्हा लुगडं नेसून उभे राहिले नाहीत. तसा गळा दुसऱ्या कुणाचा नव्हता. दोनेक हंगामांत पार्टी मोडली. शाहीर तेंदूपत्त्याच्या फळीवर मुनीम म्हणून लागले.

२०२३ मध्ये गडचिरोलीच्या परशुराम खुणेंना झाडीपट्टी रंगभूमीसाठी पद्मश्री मिळाली, तेव्हा मला मनापासून आनंद झाला आणि मामांची आठवणही आली. पदव्या, पुरस्कार दूर राहोत. एखाद्या मंडईत शाल-नारळ तरी त्यांना मिळायला हवं होतं.

मूळ टेप मी मामांच्या हाती दिली होती. विकलेल्या कॅसेटी परत मागवायचा प्रयत्न केला, थोड्याच आल्या. आता पोरं मोबाइल घेऊन येतात. ‘काका, ती जुनी होळीची गंमत असन तर टाका ना, खूप लोक ऐकतील,’ म्हणतात. ऐकतील, हे मलाही ठाऊक आहे. त्या आवाजाची ओढ अजून तेवढीच असणार. मी त्यांना मामांच्या गावाचं नाव सांगतो आणि आधी त्यांच्या घरी विचारून या म्हणतो. आजवर विचारायला कुणी गेलेलं नाही.