सेपातु आणि सासूबाई

अगं बाई,

तुझा पेन ड्राईव्ह पोचला. तुला सांगते, जकार्तात जाऊनही तू तसूभर बदलली नाहीस. माजिद माजिदीचा 'चिल्ड्रन ऑफ हेवन' पाठवलास, बोलणं फारसी आणि खालच्या ओळी इंडोनेशियन! केळझरात यातलं काय कुणाला कळणार, हा विचार तुझ्या डोक्यात आलाच नसणार.

तरी लावला. सासूबाई, आमचे हे, शेजारची पोरं, सगळे टीव्हीपुढे. ओळी रोमन लिपीत, मग काय, पोरांना चेवच आला. मोठमोठ्याने वाचन सुरू. 'सेपातु' म्हणजे बूट हे त्यांनी लगेच ताडलं. मधेच कुठे 'तेरिमा कासी' आलं, तर सासूबाई म्हणतात, "कोणाची माय काशीले गेली वं?" तू फोन ठेवताना तेच म्हणतेस म्हणून मला ठाऊक. पण आभाराचं सांगते कोण, मी हसून लोळत होते.

आणि ओळींवाचून अडलं कुठे? अलीच्या हातून बहिणीचे बूट हरवतात, मग एकच जोड दोघांत. सकाळच्या शाळेला ती, दुपारच्या शाळेला तो. झहराच्या पायातला तो ढगळ बूट नालीत वाहत निघाला तेव्हा आमच्याकडे "पकड, पकड" असा कल्ला. त्यांचे वडील मशिदीची साखर फोडत बसतात, पण त्यातला खडा स्वतःच्या चहात टाकत नाहीत. हे कुणी समजावलं नाही. टेकडीवरच्या सिद्धिविनायकाचा प्रसाद नैवेद्याआधी चाखला म्हणून पोरांचे कान पिळत आलेली ही बाई, चटकन म्हणाली, "देवाची हाये ते."

शर्यतीत बूट तिसऱ्या नंबराला आहेत, एवढं मात्र मला सांगावं लागलं. अली पहिला आला, पोरांनी टाळ्या पिटल्या, आणि त्याचं रडवेलं तोंड बघून सगळी गप्प. धाकटा तर चिडलाच, "नंबर बदलून काऊन नाही घेत थो?"

आठवतं, नागपूरला आपण इंग्रजी ओळी वाचत पाहिला होता? ऑस्करला हा 'लाइफ इज ब्यूटिफुल'पुढे हरला होता हे कळल्यावर, एरवी आमच्या गावच्या बकासुराला लाजवणारी तू, चक्क जेवली नव्हतीस. आणि रात्रभर भांडलो. त्या पोरांना शेवटी बूट मिळतात, असं मी म्हणत होते. तू म्हणालीस, छे, भाबडी आहेस.

तर ऐक. सासूबाईंना वाचायचं काही नव्हतं, नजर सगळी चित्रावर. शेवटी बापाची सायकल क्षणभर दिसते ना, तिच्यावरचे नवे बूट त्यांनी बरोबर टिपले. दोन जोड! मी मागे नेऊन पुन्हा पाहिलं.

तेव्हा पैज मी जिंकले. येशील तेव्हा आधी वर्ध्याला उतर, गोरसपाकाचा पुडा घे आणि मगच केळझरला ये. दोन घे, एक सासूबाईंना.

तुझीच,
भाबडी